पोटासाठी पन्नास, समुद्रासाठी किती?

फ्रान्सच्या वायव्येला ब्रिटनीच्या उत्तर किनाऱ्यावर सँ-मिशेल-आँ-ग्रेव नावाचं एक गाव आहे. वस्ती पाचशेच्या आत. चर्च आणि त्याला लागून असलेली दफनभूमी थेट समुद्राच्या भिंतीला टेकलेली, समोर चार किलोमीटर लांबीची सपाट पुळण. ओहोटीला समुद्र जवळजवळ दोन किलोमीटर मागे सरतो. पुळणीच्या मध्यावर एक दगडी क्रूस उभा आहे. रस्ता नव्हता तेव्हा लोक वाळूतून पलीकडे जायचे. तो क्रूस पाण्यात बुडालेला नाही ना, एवढं पाहून निघायचे. या पुळणीचं नाव ‘लिय द ग्रेव’, म्हणजे कोसभर पुळण. उन्हाळ्यात पॅरिसहून कुटुंबं यायची, मुलं वाळूत शिंपल्या उकरायची, हॉटेलं भरायची. विसाव्या शतकाच्या पहिल्या निम्म्यात या किनाऱ्यावरच्या डझनभर गावांची हीच कमाई होती.

1971च्या सुमारास गावच्या नगरपालिकेनं किनाऱ्यावर साचणाऱ्या हिरव्या शेवाळाची लेखी तक्रार केली. तिला पन्नासहून अधिक वर्षं झाली. शेवाळ अजून येतंच आहे.

या प्रश्नावर फ्रान्समध्ये जे बोललं जातं त्याचा साचा ठरलेला आहे: एकीकडे पर्यटन, दुसरीकडे शेती (शेतांतून नदीवाटे येणाऱ्या खतावरच हे शेवाळ पोसतं), मग दोघांचा समतोल. हा साचाच चुकीचा आहे. हॉटेलवाला आणि डुक्करपालक एकमेकांसमोर उभे केले की मूळ गोष्ट नजरेआड होते. ब्रिटनीच्या नद्यांसाठी जो आकडा मर्यादा म्हणून धरला गेला तो माणसाच्या पोटासाठी ठरवलेला होता. समुद्रासाठी कुणी आकडा ठरवलाच नाही, निदान कायद्यानं बांधील असा तरी नाही. त्यामुळे नियम पाळूनही किनारा सडू शकतो, आणि तसंच होत आहे.

आकडा म्हणजे लिटरमागे 50 मिलिग्रॅम नायट्रेट, म्हणजे खत आणि शेणामुतातून पाण्यात उतरणारं नत्राचं रूप. युरोपात पिण्याच्या पाण्याची ही वरची मर्यादा. 1991च्या युरोपीय नायट्रेट निर्देशातही हाच आकडा आहे. 1990च्या दशकात ब्रिटनीच्या नद्यांची सरासरी त्याच्या आसपास होती, काही नद्या खूप वर. 2001 मध्ये युरोपीय न्यायालयानं ब्रिटनीतल्या पिण्याच्या पाण्यावरून फ्रान्सला दोषी ठरवलं. त्यानंतर सरासरी तिशीच्या घरात आली. हे खरं यश आहे आणि ते शेतकऱ्यांच्या मेहनतीनं आलं, हे मान्य न करता पुढे बोलण्यात अर्थ नाही. पण सँ-मिशेलच्या खाडीत येणाऱ्या यार आणि रोस्कोआ या नद्या 2010च्या आसपासही तिशीच्या आतच होत्या. पिण्याच्या पाण्याच्या परीक्षेत आरामात पास. तरीही ही खाडी ब्रिटनीतल्या सर्वाधिक शेवाळ येणाऱ्या आठ खाड्यांपैकी एक. इथलं शेवाळ लक्षणीय घटायचं तर नद्यांमधलं नायट्रेट साधारण 10च्या आसपास आणावं लागेल, असं समुद्रशास्त्रज्ञ गेली कित्येक वर्षं सांगत आहेत.

असं का? शेवाळ म्हणजे उल्वा, ज्याला फ्रेंच लोक ‘समुद्री लेट्यूस’ म्हणतात. पातळ, पारदर्शक हिरवी पानं. इथली उल्वा खडकाला चिकटून न राहता कंबरभर पाण्यात तरंगते. तिला ऊन लागतं, उथळ आणि लवकर तापणारं पाणी लागतं, आणि आपण आहोत तिथून वाहून न जाणं लागतं. लिय द ग्रेवमध्ये भरती-ओहोटी प्रचंड, पण पाणी आत-बाहेर करून पुन्हा तिथंच येतं. खाडीबाहेर निघून जाणारा प्रवाह अगदी क्षीण. स्फुरद तळाच्या गाळात भरपूर साठलेलं आहे, म्हणून ते कमी करून काही साधत नाही. ज्याच्या तुटवड्यानं वाढ थांबते ते नत्रच. एप्रिल-मेमध्ये नदीनं नत्र आणलं की काही दिवसांत शेवाळ दुप्पट होतं, जून-जुलैत कळस. हिवाळ्यात मोठी वादळं झाली तर उरलेलं शेवाळ खोल समुद्रात फेकलं जातं आणि पुढचं वर्ष उशिरा सुरू होतं. हिवाळा शांत गेला तर बियाणं खाडीतच राहतं. म्हणून एका वर्षी शेवाळ कमी आलं की ‘योजना यशस्वी’ आणि जास्त आलं की ‘योजना फसली’, हे दोन्ही मथळे बहुधा हवामानाचेच असतात.

आता 10 म्हणजे शेतात किती, हे मांडून पाहू. या भागात पिकांनी घेऊन उरलेलं, जमिनीतून झिरपून नदीला जाणारं पाणी वर्षाला सुमारे 400 मिलिमीटर धरा. हेक्टरमागे ते 4,000 घनमीटर होतं. लिटरला 50 मिलिग्रॅम म्हणजे घनमीटरला 50 ग्रॅम; म्हणजे हेक्टरी 200 किलो नायट्रेट. नायट्रेटच्या वजनात नत्र 22-23 टक्के, म्हणून 45 किलो नत्र. 25 मिलिग्रॅमला साडेबावीस किलो. आणि 10 मिलिग्रॅमला जेमतेम 9 किलो. आपल्याकडे 45 किलोच्या युरियाच्या गोणीत 20.7 किलो नत्र असतं. म्हणजे समुद्राचं म्हणणं असं, की वर्षभरात हेक्टरामागे अर्ध्या गोणीपेक्षाही कमी नत्र गळू द्या. शेतात, कुरणात, गोठ्याच्या अंगणात, सगळीकडून मिळून. (वाटेत ओलसर कुरणांमध्ये थोडं नत्र जिवाणू हवेत सोडतात, त्यामुळे प्रत्यक्षात थोडी सूट मिळते, पण हिशेबाचा आवाका हाच.)

हे नत्र आलं कुठून? साठच्या दशकात फ्रान्सनं ब्रिटनीला आपला मांस-दुधाचा कारखाना करायचं ठरवलं. तुकड्यांच्या जमिनी एकत्र केल्या, त्या करताना बांध आणि बांधावरची झाडं हजारो किलोमीटर उखडली. बांध पाणी अडवायचे. बांध गेले आणि पाण्याला उतारावर मोकळी वाट मिळाली. लहान शेतावर जास्त जनावरं ठेवायची तर चारा बाहेरून आणावा लागतो, म्हणून ब्रेस्त आणि लोरियांच्या बंदरांत दक्षिण अमेरिकेची सोया पेंड उतरू लागली. आज फ्रान्सची निम्म्याहून अधिक डुकरं या एका प्रदेशात आहेत, जो क्षेत्रफळानं देशाच्या विसाव्या हिश्श्याच्या आसपास आहे. डुक्कर जे नत्र खातं त्यातलं साधारण एक तृतीयांश मांसात जातं, उरलेलं दोन तृतीयांश मलमूत्रात. मांस पॅरिसला जातं, पेंडीतलं बहुतेक नत्र मात्र ब्रिटनीतच राहतं. बोटीनं आलेलं नत्र बोटीनं परत पाठवायची सोय कुणी केली नाही.

पण सँ-मिशेलच्या बाबतीत डुकराकडे बोट दाखवणं सोपं आणि बरंचसं चुकीचं आहे. लिय द ग्रेवच्या पाणलोटात, म्हणजे सुमारे 120 चौरस किलोमीटरमध्ये, मुख्यतः दुधाच्या गाई आहेत. एक दुभती गाय वर्षाला साधारण 100 किलो नत्र बाहेर टाकते. सेंद्रिय खतातून हेक्टरी 170 किलो नत्र, ही कायद्याची मर्यादा. ती पाळणारा, कागदपत्रं चोख ठेवणारा, दंड कधीच न झालेला शेतकरीसुद्धा हेक्टरी 20-25 किलो गळू देतो. त्याला गुन्हेगार म्हणायचं कशाच्या आधारावर?

आता शेतात नेमकं काय बिघडतं. तिथल्या गाई हिवाळाभर मक्याचा मुरघास खातात. मका एप्रिलअखेर ते मेमध्ये पेरतात, त्याआधी गोठ्यातला शेण-मुताचा पातळ रेंदा टँकरनं शेतात ओततात. मका सप्टेंबर-ऑक्टोबरात कापला जातो. तोपर्यंत उन्हाळ्याच्या उबेनं जमिनीतल्या सेंद्रिय पदार्थातून आणखी नत्र मोकळं झालेलं असतं, आणि ते घ्यायला आता पीक नाही. ऑक्टोबरात पाऊस सुरू होतो. त्या वेळी जमिनीत किती नत्र उरलंय हे मोजता येतं: 30-30 सेंटिमीटरच्या तीन थरांत, 90 सेंटिमीटरपर्यंत गिरमिटानं माती काढायची, तिथल्या तिथे थंड पेटीत ठेवायची, नाहीतर वाटेतच आकडा वाढतो. चांगल्या शेतात हेक्टरी 40 ते 60 किलो निघतात. 100च्या वर निघाले तर खत जास्त पडलंय हे निश्चित, मग टँकरची नोंद काहीही म्हणो.

उपाय म्हणून मक्यानंतर आच्छादन पीक घ्या, असा नियम आहे. मोहरी किंवा फॅसेलिया ऑगस्टअखेर गव्हाच्या फणकटात पेरली तर ती हिवाळ्याआधी हेक्टरी 50 किलोपर्यंत नत्र उचलते. पण मका ऑक्टोबरात निघतो. त्यानंतर पेरलेलं बी उगवतं खरं, थंडीत बोटभर वाढतं, आणि उचलतं जेमतेम पाच-दहा किलो. नियम पाळला, नत्र गेलं. त्यावर जाणकार शेतकऱ्यांनी काढलेला मार्ग असा, की जूनमध्ये मका सहा ते आठ पानांवर असताना दोन ओळींमध्ये राय गवत पेरायचं. मका निघतो तेव्हा खाली गवताची गादी तयार असते. यात फसतं ते दोन ठिकाणी: आधी मारलेल्या तणनाशकाचा अंश जमिनीत उरला तर गवत उगवत नाही, आणि पेरणीनंतर तीन आठवडे पाऊस झाला नाही तर उगवलेलं जळतं. शिवाय लवकर तयार होणारा मक्याचा वाण घ्यावा लागतो, ज्याचं उत्पन्न थोडं कमी. ते थोडं कमी कोण सोसणार, हा प्रश्न इथूनच सुरू होतो.

त्याहून जुना आणि जास्त खात्रीचा उपाय गवताचाच. कोत-दार्मोर जिल्ह्यातल्या आंद्रे पोशों या शेतकऱ्यानं राय गवत आणि पांढरं तिपतिया मिसळून कायमची कुरणं करायची पद्धत लावून धरली. तिच्याभोवती 1982 मध्ये शेतकऱ्यांची सेदापा ही संघटना उभी राहिली. तिपतिया हवेतलं नत्र मुळांत बांधतं, म्हणून विकतचं खत जवळपास लागत नाही. गाय स्वतः चरते, म्हणून सोया पेंड लागत नाही. दूध प्रत्येक गाईमागे कमी निघतं, पण खर्च इतका घटतो की हातात उरणारे पैसे बहुतेकदा वाढतात. मुळं बारा महिने जमिनीत जिवंत असतात, त्यामुळे गळती कमी. मात्र गवत म्हणजे आपोआप स्वच्छ पाणी, असंही नाही. पाच-सहा वर्षांचं कुरण नांगरलं की त्यातून पहिल्याच हंगामात हेक्टरी 100 किलोच्या वर नत्र मोकळं होतं. आणि ऑक्टोबर-नोव्हेंबरात सगळा कळप गोठ्याशेजारच्या एकाच पट्ट्यात उभा ठेवला तर गाय जिथं मुतते तिथं लहानशा जागी हेक्टरी काही शे किलोच्या दरानं नत्र पडतं. गवत ते घेऊ शकत नाही, पाऊस घेतो. गोठ्यालगतचे हे ‘उभं राहायचे’ वाफे नकाशावर हिरवे दिसतात आणि पाणलोटातली सगळ्यात वाईट गळती तिथंच असते.

हे सगळं तिथल्या शेतकऱ्यांना माहीत आहे. बदल अडतो तो ज्ञानापाशी नाही. नवा गोठा आणि दूध काढणारा यंत्रमानव पंधरा वर्षांच्या कर्जावर घेतलेला असतो, हप्ता जास्त दुधाच्या हिशेबानं ठरलेला असतो. गाई चरायला न्यायच्या तर कुरणं गोठ्याला लागून हवीत. पण जमिनी तीन गावांत विखुरलेल्या आणि मध्ये हमरस्ता. खत, पेंड, बियाणं आणि सल्ला एकाच सहकारी संस्थेकडून येतो, आणि तीच माल विकत घेते. सल्ला देणाऱ्याचा पगार पेंडीच्या विक्रीतून निघत असेल तर तो तिपतियाची शिफारस किती जोरानं करेल?

इकडे किनाऱ्यावर शेवाळ उपसायचं काम चालतं, आणि तिथला धोका वेगळ्या जातीचा आहे. लाटेनं ढीग लावला की वरचा थर उन्हानं वाळून पांढुरका, कागदासारखा कडक होतो. खाली हवा जात नाही, कुजणं सुरू होतं, हायड्रोजन सल्फाइड तयार होऊन पापुद्र्याखाली कोंडतो. वरून काहीच कळत नाही. पाय पडला, पापुद्रा फुटला, की सगळा वायू एकदम बाहेर. हवेपेक्षा जड, म्हणून वाकलेल्या माणसाच्या, कुत्र्याच्या, लहान मुलाच्या नाकाशी रेंगाळतो. कुजक्या अंड्याचा वास अगदी थोड्या प्रमाणालाही येतो, पण दशलक्षात 100 भागांच्या पुढे नाकाची शिरच बधिर होते. वास थांबला म्हणजे धोका टळला असं वाटतं, आणि नेमकं उलट असतं. 1,000 भागांना माणूस दोन-तीन श्वासांत कोसळतो. आपल्याकडे मॅनहोलमध्ये उतरलेल्या सफाई कामगारांचे जीव घेणाऱ्या वायूंमध्ये हाही एक.

जुलै 2009 मध्ये याच सँ-मिशेलच्या पुळणीवर एक घोडा शेवाळात रुतून मेला, स्वार बेशुद्ध पडला आणि वेळेत ओढून काढल्यामुळे वाचला. त्यानंतर सरकारी संस्थेनं तिथं वायू मोजला, तर 1,000 भागांपर्यंतचे आकडे मिळाले. त्याच महिन्यात याच किनाऱ्यावरच्या बिनिक गावात शेवाळ वाहून नेणारा एक ट्रकचालक कामावर असताना मरण पावला. तो कामावरचा अपघात होता हे न्यायालयानं मान्य करायला 2018 उजाडलं. 2011 मध्ये गुएसाँ नदीच्या मुखाशी छत्तीस रानडुकरं मेली. 2016 मध्ये तिथंच धावायला गेलेला एक माणूस गेला, आणि जून 2025 मध्ये नाँतच्या अपील न्यायालयानं त्या मृत्यूची 60 टक्के जबाबदारी सरकारवर ठेवली.

उपसा वेळेत, म्हणजे शेवाळ पडल्यापासून एक-दोन दिवसांत, व्हायला हवा. ओहोटीच्या ऐन कडेला, ओलं असतानाच उचललं तर वाळू कमी येते आणि कुजायला वेळ मिळत नाही. ट्रॅक्टरची केबिन बंद आणि गाळणीची, कमरेला वायूमापक, एकट्यानं जायचं नाही. हे कठीण वाळूवर जमतं. चिखलाच्या खाजणात ट्रॅक्टर रुततो, आणि मृत्यू झालेल्या जागा बहुतेक तशाच होत्या. लोडरच्या बादलीबरोबर वाळूही जाते, पुळण खाली बसते. उपसलेलं न्यायचं कुठं? 2019च्या उन्हाळ्यात बिनिकजवळच्या लांतिकच्या प्रक्रिया केंद्रात इतका माल आला आणि इतकी दुर्गंधी सुटली की नवा माल घेणंच थांबवावं लागलं. आणि हे सगळं ज्याच्या दारात चालतं त्या महापौराच्या हातात काय? किनारा बंद करायची दोरी आणि धोक्याची पाटी. वरच्या पाणलोटातल्या एका टँकरवरही त्याचा अधिकार नाही.

अधिकार आहे सरकारकडे, आणि सरकारनं तो कसा वापरला हे तारखांवरून पाहावं. घोडा मेल्यानंतर ऑगस्ट 2009 मध्ये पंतप्रधान फ्राँस्वा फियों स्वतः पुळणीवर आले. 2010 पासून उपशाचा खर्च सरकार उचलू लागलं आणि पहिली ‘हिरव्या शेवाळाची योजना’ सुरू झाली. दुसरी 2017 मध्ये, तिसरी 2022 मध्ये. तिन्हींचा गाभा स्वेच्छेचा. याच काळात, ऑक्टोबर 2011 मध्ये, 170 किलोचा हिशेब खत पसरता येणाऱ्या क्षेत्राऐवजी शेताच्या एकूण क्षेत्रावर करायची मुभा मिळाली; ओढ्याकाठची, घराजवळची, जिथं रेंदा टाकायला बंदी आहे ती जमीनही भाजकात आली आणि आकडा कागदावर घटला. डिसेंबर 2013 मध्ये 450 ते 2,000 डुकरांच्या वराहशाळांची सविस्तर परवानगीची अट काढून सोपी नोंदणी आणली. एका हातानं योजना, दुसऱ्या हातानं सूट. 2021 मध्ये लेखापरीक्षकांच्या न्यायालयानं योजनेची उद्दिष्टं अस्पष्ट आणि परिणाम अनिश्चित असल्याचं म्हटलं. रेनच्या प्रशासकीय न्यायालयानं 2007, 2021, 2023 आणि मार्च 2025 मध्ये सरकारला पुन्हा पुन्हा अपुरं ठरवलं; शेवटच्या वेळी दहा महिन्यांची मुदत देऊन. इतके निकाल एका खासगी माणसाविरुद्ध गेले असते तर त्याचं दुकान कधीच बंद झालं असतं.

आमच्या मते इथून पुढे तीन गोष्टी हव्यात. एक, बंधनकारक आकडा खाडीवार ठरला पाहिजे. लिय द ग्रेवला 10 हवे असतील तर 10, दुसरीकडे 15 पुरत असतील तर 15. तो नदीच्या मुखाशी मोजायचा आणि पाणलोटातल्या शेतांवर शरदातल्या मातीच्या तपासणीनं उतरवायचा. टँकरच्या वहीपेक्षा 90 सेंटिमीटर माती जास्त खरं बोलते. दोन, गळती कमी करण्याचा खर्च फक्त शेतकऱ्यावर टाकू नये. पेंड विकणारे आणि दूध-मांस विकत घेणारे या पाणलोटातल्या करारातच त्याचा दर धरतील, अशी सक्ती हवी. कमी उत्पन्नाच्या वाणाचा तोटा तिथून भरून निघेल. तीन, आणि आम्हाला हे सगळ्यात महत्त्वाचं वाटतं: ब्रिटनीतल्या शेतकऱ्यांची एक मोठी पिढी येत्या दहा वर्षांत निवृत्त होते आहे. आज अशी जमीन बहुधा शेजारच्या मोठ्या शेताला जोडली जाते. फ्रान्समध्ये शेतजमिनीच्या विक्रीत आधी हात घालण्याचा हक्क ‘साफेर’ या संस्थेला आहे. तो वापरून विखुरलेल्या जमिनींची अदलाबदल करता येईल, गोठ्याभोवती सलग कुरणं होतील, आणि गवतावर चालणाऱ्या नव्या माणसाला शेत मिळेल. कर्ज फिटलेलं असताना पद्धत बदलणं सोपं. मध्येच बदलायला लावणं क्रूर.

यावर येणारा आक्षेप खरा आहे: कत्तलखान्यांत, दूधसंघांत हजारो माणसं कामाला आहेत, जनावरं घटली तर ती जातील. काही जातील. पण पाणलोटातली सगळी जनावरं हलवायची मागणी नाही. आठ खाड्यांच्या वरचा प्रदेश हा ब्रिटनीचा लहानसा भाग आहे. तिथं जनावरांची संख्या जमिनीला बांधली तर उरलेला कारखाना बंद पडत नाही. दुसरा आक्षेप जास्त अवघड: आज गळती थांबवली तरी खडकातलं जुनं पाणी वर्षानुवर्षं झिरपत राहील, फळ दिसायला दहा-वीस वर्षं लागतील. हेही खरं. म्हणूनच शेवाळाच्या टनांवर योजनेचं मूल्यमापन करू नये. मूल्यमापन ऑक्टोबरात, पर्यटक गेल्यावर, शेतातल्या गिरमिटावर व्हावं.

आणि एक किरकोळ मागणी, जिला जवळपास पैसे लागत नाहीत. सँ-मिशेलच्या पुळणीवर उन्हाळ्यात जी धोक्याची पाटी लावतात, तिच्याशेजारी आणखी एक पाटी हवी: यार आणि रोस्कोआचं या महिन्याचं नायट्रेट, आणि त्याखाली खाडीला चालणारा आकडा. तिथली मुलं आता वाळूत खेळण्याआधी पाटी वाचायला शिकलीच आहेत.